सहीशिक्क्याची घुसखोरी

नोव्हेंबर २०२०. अमेरिकेतल्या फायरआय या सायबरसुरक्षा कंपनीच्या स्वतःच्याच सुरक्षा विभागात एक किरकोळ इशारा उमटला. एका कर्मचाऱ्याच्या खात्यावर, कंपनीच्या नेटवर्कमध्ये बाहेरून शिरण्यासाठी, दुसरा फोन नोंदवला गेला होता. सगळं जग घरून काम करत होतं, त्या वर्षी यात नवल काहीच नव्हतं. लोक फोन बदलतात, जुना पाण्यात पडतो, नवा घेतात. असे इशारे येत राहतात आणि 'पाहिलं' अशी खूण करून मिटवलेही जातात. हा इशारा मात्र मिटवला गेला नाही. त्या कर्मचाऱ्याला फोन करून विचारलं गेलं, की हा दुसरा फोन तुमचाच का? तो म्हणाला, नाही.

फायरआयचं काम काय, तर मोठ्या कंपन्यांत किंवा सरकारी खात्यांत संगणकी दरोडा पडला की तपासाला जायचं. तिचे तेव्हाचे प्रमुख केविन मँडिया हे अमेरिकी हवाई दलातले माजी अधिकारी. त्यांनी २००४ मध्ये काढलेली तपास कंपनी, मँडियंट, पुढे फायरआयने विकत घेतली होती. दरोड्यांचा माग काढण्यात ज्यांची हयात गेली, त्यांच्याच घरात कुणीतरी वावरत होतं आणि तेही खऱ्या कर्मचाऱ्याचा खरा पासवर्ड घेऊन.

तपास सुरू झाला तेव्हा एक गोष्ट लवकर ध्यानात आली. आलेला पाहुणा नवशिका नव्हता. एका ठिकाणी वापरलेलं साधन तो दुसऱ्या ठिकाणी वापरत नव्हता, काम झालं की मागे खुणा ठेवत नव्हता. त्याने फायरआयची 'रेड टीम'ची हत्यारं पळवली होती, म्हणजे ग्राहकांच्या संमतीने त्यांच्या यंत्रणेवर लुटुपुटूचा हल्ला करून भोकं शोधण्यासाठी बनवलेली सॉफ्टवेअरं. सरकारी ग्राहकांची माहितीही तो धुंडाळत होता. ८ डिसेंबरला मँडियांनी हे सगळं जाहीर केलं. एखाद्या परदेशी सरकारचं पाठबळ असलेल्यांचं हे काम दिसतं, हेही सांगितलं. चोरीला गेलेली हत्यारं कुणी आपल्यावर चालवली तर ती ओळखायची कशी, याच्या खुणाही त्यांनी सगळ्यांसाठी खुल्या केल्या. सुरक्षा विकणाऱ्या कंपनीने आपलंच घर फुटल्याचं चारचौघांत सांगणं ही सोपी गोष्ट नव्हती; शेअरचा भाव लगेच गडगडला. पुढे जे हाती लागलं त्याचं मोल पाहता या कबुलीला मी मोठे गुण देईन.

मूळ प्रश्न अजून तसाच होता. तो आत आला कुठून?

दरवाजे, खिडक्या सगळं तपासून झालं. फसवी ईमेल नाही, न बुजवलेलं जुनं भोक नाही. घुसखोरीची सर्वांत जुनी खूण शोधत मागे मागे जात तपास एका सर्व्हरपाशी येऊन थांबायचा. त्याच्याही आधीचं काही सापडायचं नाही. त्या सर्व्हरवर टेक्सासमधल्या ऑस्टिनच्या सोलरविंड्स कंपनीचं 'ओरायन' नावाचं सॉफ्टवेअर चालत होतं.

ओरायन हे धंद्याचं सॉफ्टवेअर. मोठ्या संस्थेत शेकडो सर्व्हर, राउटर, स्विच असतात. त्यांतला कुठला आजारी पडला, कुठला भरत आला, कुठे वाहतूक तुंबली हे एका पडद्यावर दाखवणं हे त्याचं काम. ज्याला सगळ्यांची नाडी पाहायची, त्याला सगळ्यांच्या दारात प्रवेशही लागतो, त्यामुळे ओरायनच्या हाती बरेच अधिकार असत. त्यावर कडी म्हणजे सोलरविंड्सच्याच मदतपानावर सल्ला होता, की ओरायन नीट चालावं म्हणून त्याची फोल्डरं अँटीव्हायरसच्या तपासणीतून वगळा. असा सल्ला देणारी ती एकटीच कंपनी होती असं नाही. पण चोराच्या दृष्टीने याहून चांगली खोली कुठली?

मँडियांनी ठरवलं, हे सॉफ्टवेअरच उकलून पाहायचं. बोलायला हे सोपं आहे. फेब्रुवारी २०२१ मध्ये सिनेटच्या गुप्तवार्ता समितीपुढे त्यांनी सांगितलं, की त्या अपडेटमध्ये हजारो फायली होत्या आणि असेंब्ली कोडच्या दहा लाखांहून अधिक ओळी. शिवाय हे काम ते हाती घेऊ शकले ते आधी माणसांचे हजारो तास खर्चून बाकीच्या सगळ्या शक्यता खोडल्यामुळेच. शोधकथा सांगताना हे हजारो तास वगळले जातात. माझ्या मते खरा शोध तिथेच लागला होता, कारण विश्वासू कंपनीच्या अधिकृत उत्पादनावर बोट ठेवायला माणूस सगळ्यांत शेवटी धजतो.

त्या हजारो फायलींमधली एक फाइल होती 'सोलरविंड्स.ओरायन.कोअर.बिझनेसलेयर.डीएलएल'.

डीएलएल हे नाव तुम्ही पाहिलेलं आहे. हिशेबाचं किंवा बिलिंगचं सॉफ्टवेअर उघडताना कधीतरी 'अमुक डीएलएल सापडत नाही' असा रागीट चौकोन पडद्यावर येतो आणि आपण ओळखीतल्या संगणकवाल्या मुलाला फोन करतो. गावच्या देवळात लग्नकार्यासाठी सामाईक भांडी ठेवलेली असतात. प्रत्येक घराने स्वतःची शंभर ताटं घेण्यापेक्षा कार्य असेल त्याने ती न्यायची, वापरायची, परत ठेवायची. डीएलएल ही सॉफ्टवेअरच्या जगातली तशी सामाईक सोय. तारीख मांडणं, कागद छापणं, डेटाबेसशी बोलणं अशी कामं पुन्हा पुन्हा लागतात. ती करणारा कोड एका फायलीत बांधून ठेवायचा आणि ज्या प्रोग्रामला गरज पडेल त्याने चालता चालता ती फाइल मेमरीत ओढून घ्यायची. मेमरी मोजूनमापून वापरावी लागे त्या काळातली, विंडोजच्या पहिल्या पिढीपासूनची ही युक्ती. लिनक्सवर अशाच फायलींच्या नावामागे 'एसओ' लागतं. फायदा उघड आहे. जागा वाचते, आणि एका फायलीत दुरुस्ती केली की ती वापरणारे सगळे प्रोग्राम आपोआप सुधारतात.

तोटाही त्यातच दडलेला आहे. डीएलएल स्वतःहून सुरू होत नाही, तिचं चिन्ह पडद्यावर नसतं, ती कुणी उघडून वाचत नाही. तिला जो प्रोग्राम ओढून घेतो त्याचे सगळे अधिकार तिला आपसूक मिळतात. प्रोग्राम साहेबांच्या केबिनमध्ये जाऊ शकत असेल तर तीही जाते. मग तिच्यावर विश्वास कशाच्या आधारावर ठेवायचा? डिजिटल सहीच्या. कंपनी फाइल तयार करते, तिच्यावर आपली गुप्त किल्ली वापरून सही करते. मधल्या वाटेत कुणी एक अक्षर जरी बदललं तरी सही जुळत नाही. बिझनेसलेयरच्या त्या फायलीवर सोलरविंड्सची सही होती आणि ती अस्सल होती.

तज्ज्ञांच्या पथ्यावर एक गोष्ट पडली. ही फाइल डॉटनेट या मायक्रोसॉफ्टच्या पद्धतीने बनलेली होती, आणि अशा फायली उलट उकलल्या की त्यातल्या भागांची नावं बऱ्यापैकी शाबूत राहतात. म्हणजे निव्वळ यंत्रभाषेतल्या आकड्यांशी झुंजण्याऐवजी लिहिणाऱ्याची वाक्यं जवळजवळ वाचता येतात. वाचता वाचता त्यांना 'ओरायनइम्प्रूव्हमेंटबिझनेसलेयर' नावाचा भाग सापडला. वरवर पाहता नाव अगदी घरंदाज. ओरायन सुधारण्यासाठी ग्राहकांकडून वापराची माहिती गोळा करण्याचा सोलरविंड्सचा एक खराखुरा उपक्रम होता. त्याच्याच नावाचं पांघरूण इथे घेतलेलं होतं. आतला कोड मात्र वेगळंच काहीतरी करत होता.

त्याचं वागणं इतकं सावध होतं, की वाचताना लिहिणाऱ्याच्या बुद्धीला दाद द्यावी लागते, मनातून चरफडत का होईना. यंत्रावर बसल्यावर ही फाइल बारा ते चौदा दिवस काहीही करत नसे. नवीन अपडेट बसवल्यावर पहिले काही दिवस लोक डोळ्यांत तेल घालून पाहतात, प्रयोगशाळेतली तपासणीही काही तासांची असते. ती सगळी मुदत निघून जाऊ द्यायची. मग आपल्याला ओढून घेणारा प्रोग्राम सोलरविंड्सचाच आहे ना, हे ती ताडून पाही. यंत्र एखाद्या संस्थेच्या नेटवर्कला जोडलेलं आहे का ते बघे. नेटवर्कच्या नावात 'टेस्ट' किंवा 'सोलरविंड्स' असं काही आढळलं तर गुपचूप बंद होई, म्हणजे जिथे ती तयार झाली त्या घरात तिचा आवाज निघायला नको. यंत्रावर चालणाऱ्या प्रोग्रामांची यादी ती चाळे आणि तिच्यात संशोधकांची किंवा पहारेकऱ्यांची ठरावीक सॉफ्टवेअरं दिसली तर पुढे जात नसे. ती सॉफ्टवेअरं कोणती, हेसुद्धा तिच्यात नावांनी लिहिलेलं नव्हतं. नावांचे गणिती ठसे तेवढे होते. कुणी फाइल उघडलीच तरी यादी वाचता येऊ नये म्हणून.

एवढ्या चाळण्या पार पडल्या की मग ती बोले. 'एव्हीएसव्हीएमक्लाउड डॉट कॉम' या पत्त्याच्या आधी अक्षरांचा एक विचित्र पुंजका लावून ती इंटरनेटच्या पत्तेवहीला विचारणा करी. त्या पुंजक्यात, सांकेतिक रूपात, ती ज्या संस्थेत बसली आहे तिचं नाव असे. पलीकडे बसलेला माणूस यादी वाचायचा आणि ठरवायचा, की हे गिऱ्हाईक कामाचं आहे का. कामाचं नसेल तर तिला झोपवून टाकायचा. असेल तर उत्तरातून नवा पत्ता यायचा आणि पुढचे हुकूम तिथून सुटायचे. ती जमवलेली माहिती ओरायनच्याच साध्या सेटिंगच्या फायलींत लपवी आणि बाहेर पाठवताना ओरायनच्या रोजच्या बोलण्यासारखं रूप देई. निवडक ठिकाणी पुढच्या टप्प्यातले जे डीएलएल पेरले गेले, ते प्रत्येक यंत्रावर निराळे होते, असं मायक्रोसॉफ्टने नंतर दाखवून दिलं. एका घरात सापडलेल्या फायलीची खूण घेऊन दुसऱ्या घरात शोध घेण्याची वाटच त्यांनी बंद केली होती.

१२ डिसेंबर २०२०, शनिवार. मँडियांनी सोलरविंड्सचे प्रमुख केविन थॉम्प्सन यांना फोन केला. थॉम्प्सन पद सोडण्याच्या बेतात होते. त्यांच्या जागी सुधाकर रामकृष्ण येणार, ही घोषणा त्याच आठवड्यात झाली होती आणि ते जानेवारीत सूत्रं हाती घेणार होते. रविवारी फायरआयने आपला शोध जाहीर केला. या फायलीला त्यांनी 'सनबर्स्ट' हे नाव दिलं. त्याच दिवशी अमेरिकेच्या वित्त आणि वाणिज्य खात्यांत घुसखोरी झाल्याची बातमी फुटली, आणि रात्री सायबरसुरक्षेच्या सरकारी संस्थेने, सिसाने, तातडीचा आदेश काढला: सर्व नागरी केंद्रीय खात्यांनी ओरायनची बाधित यंत्रं नेटवर्कपासून ताबडतोब तोडावीत.

आकडे बाहेर येऊ लागले तसा लोकांचा श्वास अडकला. बाधित अपडेट १८ हजारांपर्यंत ग्राहकांनी उतरवून घेतलं असावं, असं सोलरविंड्सने सांगितलं. पहिली विषारी फाइल ग्राहकांपुढे आली ती २६ मार्च २०२० रोजी. आपल्याकडे देशव्यापी टाळेबंदीचा तो दुसरा दिवस. म्हणजे मार्च ते डिसेंबर, जवळजवळ नऊ महिने. प्रत्यक्षात हुकूम सोडून लुटलेल्यांची संख्या खूप कमी होती: नऊ केंद्रीय खाती आणि सुमारे शंभर खासगी कंपन्या, असं व्हाइट हाउसने फेब्रुवारीत सांगितलं. १८ हजार दारं उघडी असताना इतक्या कमी ठिकाणी शिरणं हा संयम मला सर्वांत भयंकर वाटतो. खंडणी मागणारा टोळभैरव इतका थांबला नसता. एप्रिल २०२१ मध्ये अमेरिकेने रशियाच्या एसव्हीआर या परदेशी हेरसंस्थेवर अधिकृत ठपका ठेवला. रशियाने तो नाकारला.

शोधाने हाती एक हत्यारही दिलं. फायलीच्या आत एक अट होती. आपण विचारलेल्या पत्त्याचं उत्तर ठरावीक गटातल्या आकड्यांनी आलं, तर स्वतःला कायमचं बंद करायचं. या गटांत मायक्रोसॉफ्टचे पत्तेही होते. पहारेकऱ्यांच्या हद्दीत आलो असं दिसलं की गप्प व्हायचं, असा लिहिणाऱ्याचा हिशेब असावा. मायक्रोसॉफ्ट, फायरआय आणि पत्ते नोंदवणारी गोडॅडी यांनी मिळून तो पत्ता ताब्यात घेतला आणि त्याचं उत्तर नेमक्या त्या आकड्यांनी द्यायला सुरुवात केली. जगभरातल्या सनबर्स्टच्या फायली एकेक करून स्वतःच्याच नियमाने मिटत गेल्या. जिथे घुसखोर आधीच आत जाऊन दुसऱ्या वाटा खणून बसले होते, तिथे अर्थातच याचा काही उपयोग नव्हता.

आता दुसरं कोडं. सही अस्सल, म्हणजे फाइल वाटेत बदललेली नव्हती. मग ती कारखान्यातच बिघडली होती. पण सोलरविंड्सच्या प्रोग्रामरनी लिहिलेला मूळ कोड पाहावा, तर त्यात या विषाचा एक थेंब नाही!

याचं उत्तर ११ जानेवारी २०२१ रोजी आलं. सोलरविंड्सने मदतीला बोलावलेल्या क्राउडस्ट्राइक आणि केपीएमजी यांच्या तपासात आणखी एक सॉफ्टवेअर हाती लागलं होतं. त्याचं नाव ठेवलं 'सनस्पॉट'. माणसाने लिहिलेल्या कोडपासून चालती फाइल बनवण्याच्या कामाला बिल्ड म्हणतात, आणि सोलरविंड्समध्ये ते मायक्रोसॉफ्टच्या एमएसबिल्ड या प्रोग्रामने होई. ज्या यंत्रांवर बिल्ड चाले, तिथे सनस्पॉट दर सेकंदाला डोकावून पाही, की एमएसबिल्ड सुरू झाला का. झाला, आणि काम ओरायनचंच आहे असं दिसलं, की 'इन्व्हेंटरीमॅनेजर' नावाची मूळ कोडाची एक फाइल बाजूला ठेवून त्या जागी विष घातलेली फाइल सरकवायची. बिल्ड झाला की मूळ फाइल परत जागेवर. बदललेल्या कोडमुळे बिल्डमध्ये एखादी सूचना उमटून प्रोग्रामर चपापू नये म्हणून त्या सूचनाही आधीच दाबून टाकलेल्या. मूळ फाइल अपेक्षेपेक्षा वेगळी असेल तर अदलाबदल करायचीच नाही, कारण बिल्ड फसला तर चौकशी होईल. प्रोग्रामर कोड लिहीत होते, तपासत होते, सगळं ठाकठीक होतं. बिघाड होत होता तो कोड आणि फाइल यांच्या मधल्या काही क्षणांत, आणि त्यानंतर त्या फाइलवर कंपनी स्वतःच्या हाताने सही करत होती.

याची रंगीत तालीमही झालेली होती. ऑक्टोबर २०१९ च्या ओरायनच्या एका आवृत्तीत कुणीतरी एक रिकामा भाग घुसवून पाहिला होता. नाव आहे, काम काही नाही. तो ग्राहकांपर्यंत पोहोचला आणि कुणाला कळलं नाही. खरं विष फेब्रुवारी २०२० मध्ये भरलं गेलं. जूनमध्ये घुसखोरांनी बिल्डच्या यंत्रांवरून आपला सगळा पसारा स्वतःच उचलून नेला. पुरेसे मासे जाळ्यात आले होते.

आता या कथेतला सर्वांत बोचरा भाग. फायरआयला ही फाइल सापडली हे खरं, पण तिच्या सावलीवर त्याआधी किमान दोनदा पाय पडला होता. व्होलेक्सिटी ही लहान कंपनी अमेरिकेतल्या एका धोरण अभ्यास संस्थेतून एकाच टोळीला पुन्हा पुन्हा हाकलत होती. तिसऱ्या खेपेला, जुलै २०२० मध्ये, त्यांचा संशय ओरायनच्या सर्व्हरवर गेला होता. पुरावा मात्र हाती लागला नाही. त्याआधी, मे महिन्याच्या शेवटी, अमेरिकेच्या न्याय खात्यात चाचणीसाठी बसवलेल्या ओरायनचा सर्व्हर अनोळखी पत्त्याशी बोलताना दिसला. तपासाला कुणाला बोलावलं? मँडियंटला. मायक्रोसॉफ्टही त्यात होती. सोलरविंड्सच्या अभियंत्यांना विचारलं गेलं. त्यांना त्यांच्या कोडमध्ये काही सापडलं नाही, आणि सापडणार तरी कसं, तिथे ते नव्हतंच. प्रकरण थंडावलं. न्याय खात्याने पुढे ओरायन विकतही घेतलं. पत्रकार किम झेटर यांनी २०२३ मध्ये ही हकिकत उजेडात आणली.

मे महिन्यातल्या त्या माणसांना दोष देणं सोपं आहे, पण मी देणार नाही. त्यांनी योग्य ठिकाणी बोट ठेवलं आणि योग्य लोकांना विचारलं. फरक एवढाच पडला, की त्यांनी तपासायला सांगितला तो प्रोग्रामरनी लिहिलेला कोड, आणि डिसेंबरमध्ये फायरआयने सही झालेली तयार फाइल उकलली. सर्वांनी गृहीत धरलं होतं, की या दोन्ही एकच गोष्टी आहेत.

सोलरविंड्सने नंतर आपली बिल्डची पद्धत मुळापासून बदलली. आता तिथे एकच कोड एकमेकांपासून तोडलेल्या वेगवेगळ्या यंत्रणांमध्ये समांतर बांधला जातो, तयार झालेल्या फायली एकमेकींशी ताडून पाहिल्या जातात आणि त्या जुळल्या तरच ग्राहकाकडे रवाना होतात.